एकच मैदान, सहा संघ : मुलांच्या बेसबॉल लीगचे वेळापत्रक कसे बसवावे

प्रश्न थोडक्यात असा आहे. कोथरूड परिसरातील काही पालकांनी मिळून बारा वर्षांपर्यंतच्या मुलामुलींची बेसबॉल लीग सुरू केली आहे. संघ सहा, प्रत्येक संघात साधारण बारा मुले, एका शाळेचे एकच मैदान, मैदानावर दिवे नाहीत, आणि दिवाळीनंतर फेब्रुवारीच्या आरंभापर्यंतचा काळ हाताशी आहे. गेल्या वर्षी सामने वारंवार पुढे ढकलले गेले, काही संघांना एका आठवड्यात दोन-दोन सामने खेळावे लागले तर काहींना तीन आठवड्यांत एकही मिळाला नाही, आणि शेवटी पालकांत वाद झाले. आता आठवड्यातून सराव किती दिवस ठेवावा, सामने किती ठेवावेत आणि कोणाचीही तक्रार येणार नाही असे वेळापत्रक कसे करावे, असे आपण विचारले आहे.

कोणाचीही तक्रार येत नाही असे वेळापत्रक मला बावीस वर्षांत जमलेले नाही, हे आधीच सांगते. मी शाळेत सॉफ्टबॉल खेळत होते, पुढे पुण्यातच मुलांना सॉफ्टबॉल आणि बेसबॉल शिकवू लागले, आणि संघ सांभाळता सांभाळता स्पर्धांची वेळापत्रके करण्याचे काम हळूहळू माझ्याकडेच येत गेले. त्या अनुभवावरून लिहीत आहे.

आपल्या तपशिलावरून मला अडचण दिवसांच्या संख्येत दिसत नाही. गेल्या वर्षीचे वेळापत्रक मोडले ते पुढे ढकललेल्या सामन्यांमुळे, कारण ते कुठे बसवायचे हे आधी ठरलेले नव्हते आणि ज्याने आधी फोन केला त्याच्या सोयीने ते बसत गेले. म्हणून मी कागद घेऊन बसते तेव्हा सामने कधी ठेवायचे हे नंतर पाहते; रद्द झालेला सामना कुठे जाईल हे आधी ठरवते. बेसबॉलमध्ये याचे उत्तर मैदान केव्हा मोकळे आहे यावर जितके अवलंबून असते, तितकेच पिचरच्या, म्हणजे फलंदाजाला चेंडू टाकणाऱ्या मुलाच्या, कोपरावर आणि खांद्यावर असते.

पुढे जे सांगते आहे त्यातील बरेच परिस्थितीवर अवलंबून आहे. मैदान रविवारी खरोखर आपल्या एकट्याकडे असते का, हे मला माहीत नाही. पुण्यातील बहुतेक मैदानांवर रविवारी सकाळी एकाच वेळी चार-पाच क्रिकेटचे सामने चालू असतात आणि एकाच्या लाँग ऑनला दुसऱ्याचा यष्टीरक्षक उभा असतो. अशा गर्दीत बेसबॉलचा सामना ठेवू नये, कारण फाउल झालेला चेंडू कुठे जाईल याचा नेम नसतो. दुसरे म्हणजे आपल्याकडील मुले सकाळच्या शाळेतील किती आणि दुपारच्या शाळेतील किती, यावर सरावाचे सारे गणित फिरते. तिसरे म्हणजे प्रत्येक संघात पिचिंग करू शकणारी मुले किती आहेत. ती एक-दोनच असतील, तर वेळापत्रकाच्या आधी तीच उणीव भरून काढावी लागेल.

पिचरपासूनच सुरुवात करते, कारण बाकीचे सगळे त्याच्याभोवती बसते. अमेरिकेत यूएसए बेसबॉल आणि मेजर लीग बेसबॉल यांनी २०१४ मध्ये ‘पिच स्मार्ट’ या नावाने मुलांसाठी मर्यादा प्रसिद्ध केल्या, आणि लिटल लीग या मुलांच्या बेसबॉलच्या संघटनेने त्याआधीच, २००७ पासून, इनिंगऐवजी टाकलेले चेंडू मोजण्याचा नियम आणला होता. नऊ-दहा वर्षांच्या मुलाने एका दिवसात जास्तीत जास्त ७५ आणि अकरा-बारा वर्षांच्या मुलाने जास्तीत जास्त ८५ चेंडू टाकावेत, असे ही मर्यादा सांगते. वेळापत्रकाच्या दृष्टीने मात्र त्यानंतरच्या विश्रांतीचा हिशेब अधिक महत्त्वाचा आहे. चौदा वर्षांपर्यंतच्या मुलाने २० पर्यंत चेंडू टाकले तर विश्रांतीचा दिवस लागत नाही. २१ ते ३५ चेंडूंना एक दिवस, ३६ ते ५० ना दोन दिवस, ५१ ते ६५ ना तीन दिवस, आणि ६६ किंवा त्याहून अधिक चेंडूंना चार दिवस विश्रांती द्यावी लागते. हे दिवस पूर्ण मोजायचे, म्हणजे रविवारी ६० चेंडू टाकलेल्या मुलाचे सोमवार, मंगळवार, बुधवार विश्रांतीत जातात आणि तो गुरुवारी मोकळा होतो.

हे मी पूर्वी पाळत नव्हते. एका मोसमात अवकाळी पावसाने नोव्हेंबरातील दोन रविवार वाहून गेले आणि राहिलेले सामने शनिवारी-रविवारी लागोपाठ खेळवावेत असे ठरले. ठरवणाऱ्यांत मीही होते. माझ्या संघात भरवशाचा पिचर एकच, बारा वर्षांचा मुलगा. शनिवारी त्याने सत्तरच्या आसपास चेंडू टाकले आणि रविवारी सामना हातातून निसटतो आहे असे दिसल्यावर शेवटच्या दोन इनिंगसाठी मी त्याला पुन्हा उभे केले. सोमवारी सकाळी त्याच्या आईचा फोन आला की, दप्तर उचलताना त्याचे कोपर आतल्या बाजूने दुखते आहे. मुलांचे हाड जिथून वाढते तिथे अजून मऊ कूर्चा असते आणि वारंवार जोराने फेकल्यावर ती ओढली जाते, हे मला अस्थिरोगतज्ज्ञांनी त्या दिवशी समजावून सांगितले. त्या मुलाचे फेकणे तीन महिने बंद राहिले. आम्ही तो सामना जिंकला होता. पण त्याची आई नंतर भेटली तेव्हा तिच्याशी काय बोलावे हे मला सुचले नव्हते.

तेव्हापासून माझा ठाम नियम असा आहे की, नियमित सामना आठवड्यातून एकच आणि तो रविवारी. उरलेल्या सहा दिवसांपैकी अडलेला एखादा सामना बसवायचा असेल तर त्याला गुरुवार हाच दिवस योग्य ठरतो. याचे कारण वरच्या हिशेबातच आहे. रविवारी ६५ पर्यंत चेंडू टाकलेला मुलगा गुरुवारी मोकळा होतो, आणि गुरुवारी त्याला ५० चेंडूंवर थांबवले तर शुक्रवार-शनिवारची विश्रांती घेऊन तो पुन्हा रविवारी उभा राहू शकतो. मंगळवारी सामना ठेवला तर रविवारचा पिचर अजून विश्रांतीत असतो; शुक्रवारी ठेवला तर पुढचा रविवार हातचा जातो; शनिवारविषयी मी वर सांगितलेच आहे.

गुरुवारला पुण्यात एक वेगळीच अडचण आहे, ती पुणेकरांना सांगायला नको. दुरुस्तीसाठी पाणी बंद ठेवायचे असले की महापालिका बहुधा गुरुवारच निवडते, आणि सामन्याआधी इनफिल्डच्या, म्हणजे चार बेसच्या आतल्या भागाच्या, मातीवर पाणी मारले नाही तर दुसऱ्या इनिंगपासून धुळीत चेंडू दिसेनासा होतो. त्यामुळे गुरुवारी सामना असेल त्या आठवड्यात बुधवारी संध्याकाळीच दोन पिंपे भरून ठेवावीत आणि ही जबाबदारी एका माणसाच्या नावावर लिहून ठेवावी. पाणी मारून झाल्यावर फक्की मारावी. उलट क्रमाने केले की रेषा पुसल्या जातात आणि पंचांची बोलणी खावी लागतात.

आता रविवारचा विचार करू. सहा संघांनी एकमेकांशी एकदा खेळायचे तर पंधरा सामने होतात, दोनदा खेळायचे तर तीस. एका रविवारी तीन सामने ठेवले की सगळे सहा संघ त्याच दिवशी खेळून मोकळे होतात, आणि तीस सामन्यांना दहा रविवार पुरतात. जोड्या लावण्याची पद्धत जुनी आणि सोपी आहे. पहिला संघ जागच्या जागी ठेवावा आणि बाकीचे पाच वर्तुळात एकेक घर सरकवत जावे. पहिल्या रविवारी १-६, २-५, ३-४. दुसऱ्या रविवारी १-५, ६-४, २-३. तिसऱ्या रविवारी १-४, ५-३, ६-२. चौथ्या रविवारी १-३, ४-२, ५-६. आणि पाचव्या रविवारी १-२, ३-६, ४-५. पुढचे पाच रविवार याच जोड्या ठेवाव्यात, फक्त आधी फलंदाजी कोण करणार ते उलट करावे. हाताने जोड्या जुळवत बसले की कुठल्यातरी दोन संघांची गाठ तीनदा पडते आणि दोघांची पडतच नाही. आपल्याकडे गेल्या वर्षी तसेच काहीसे झाले असावे.

सामन्यांच्या वेळा ठरवताना उजेड पाहावा. डिसेंबर-जानेवारीत पुण्यात सूर्योदय सातच्या आसपास होतो आणि सूर्यास्त सहा-सव्वासहाला. मी पहिला सामना साडेसातला, दुसरा पावणेदहाला आणि तिसरा दुपारी साडेतीनला ठेवते. साडेसातच्या आधी सुरू करण्याचा आग्रह काही पालक धरतात, पण त्या वेळी गवतावर दव इतके असते की चेंडू ओला होऊन मुलांच्या हातातून सटकतो. लिटल लीगचा सामना सहा इनिंगचा असतो आणि नव्या मुलांत तो तीन तासही रेंगाळू शकतो, म्हणून पावणेदोन तास झाल्यावर नवी इनिंग सुरू करायची नाही, असा नियम छापूनच द्यावा. अर्ध्या इनिंगमध्ये पाच धावा झाल्या की बाजू बदलावी. नवखा पिचर एकामागून एक चार बॉल (चार चुकीचे चेंडू, ज्यावर फलंदाजाला फुकट पहिला बेस मिळतो) देत राहतो तेव्हा मैदानातील बाकीची आठ मुले नुसती उभी असतात. प्रत्येक वेळ प्रत्येक संघाच्या वाट्याला जवळपास सारखी यावी, हे मात्र कागदावर मोजून पाहावे. दुपारच्या सामन्याला पालक कुरकुरतात, कारण रविवारचे जेवण आणि झोप दोन्ही जातात, आणि तोच संघ तीनदा दुपारी आला की ती कुरकुर रास्त ठरते.

याच ओघात एक गोष्ट सांगून ठेवते. बारा मुलांच्या संघात तीन मुले कायम बाहेर असतात. लिटल लीगच्या नियमांत प्रत्येक मुलाला निदान एकदा फलंदाजी आणि समोरचे सहा फलंदाज बाद होईपर्यंत क्षेत्ररक्षण मिळावे, अशी अट आहे. वेळेची मर्यादा असलेल्या सामन्यात ही अट शेवटच्या इनिंगसाठी राखून ठेवली तर ती इनिंग येतच नाही. म्हणून बाहेरच्या मुलांना दुसऱ्या-तिसऱ्या इनिंगलाच आत घ्यावे.

सरावाविषयी आपण आठवड्यातून किती दिवस असे विचारले आहे. या वयाला दोन दिवस, दीड-दीड तास, आणि रविवारचा सामना एवढे पुरेसे आहे असे माझे मत आहे. पण हे दोन दिवस कोणते, हे शाळा ठरवते. दुपारच्या शाळेतील मुले सुटून घरी येईपर्यंत अंधार झालेला असतो, त्यामुळे त्यांचा सराव सकाळी सव्वासात ते पावणेनऊ असाच होऊ शकतो. सकाळच्या शाळेतील आणि दुपारी अडीच-तीनला सुटणाऱ्या इंग्रजी माध्यमाच्या शाळांतील मुलांना संध्याकाळी सव्वाचार ते पावणेसहा ही वेळ जमते. म्हणून संघ पाडतानाच एका संघात शक्यतो एकाच वेळेची मुले घ्यावीत, असा माझा आग्रह असतो. याने संघ थोडे कमी-जास्त ताकदीचे होतात हे मान्य आहे, आणि मैत्रिणी-मैत्रिणी वेगळ्या झाल्या म्हणून रडारडही होते. पण अर्धा संघ सकाळी आणि अर्धा संध्याकाळी असे दोन वर्षे करून पाहिल्यावर मी हा तोटा पत्करायला तयार झाले. त्या दोन वर्षांत आमच्या पिचरला त्याचे चेंडू फलंदाजामागे बसून झेलणारा आमचा कॅचर फक्त रविवारी भेटत असे.

समजा, आपले चार संघ संध्याकाळच्या सरावाचे आणि दोन सकाळच्या सरावाचे झाले. संध्याकाळच्या संघांपैकी दोन मंगळवारी व गुरुवारी, दोन बुधवारी व शुक्रवारी, आणि सकाळचे दोन्ही मंगळवारी व शुक्रवारी अर्धे-अर्धे मैदान वाटून घेतील. सोमवार मैदानाला आणि मुलांना सुट्टी, शनिवार मोकळा. मैदान असे वाटून दोन संघ खेळत असताना दोघांच्या होम प्लेट समोरासमोरच्या कोपऱ्यांत असाव्यात आणि एकाची फलंदाजी चालू असेल तेव्हा दुसऱ्याने फेक-झेल किंवा बेस-धावण्याचा सराव करावा. शुक्रवारी रविवारच्या पिचरकडून जोराचे पिचिंग करून घेऊ नये. दहा-पंधरा हलके चेंडू पुरेत.

पुढे ढकललेल्या सामन्यांचे उत्तर आता देता येईल, आणि इथेच शाळांच्या वेळा आडव्या येतात. वरच्या वाटणीत पंधरा जोड्यांपैकी आठ जोड्यांत एक संघ सकाळचा आणि दुसरा संध्याकाळचा असतो; ते दोघे गुरुवारी कधीच एकत्र येऊ शकत नाहीत. त्यामुळे माझी पद्धत अशी आहे. सामन्यांच्या दहा रविवारांबरोबर दोन रविवार पूर्ण रिकामे ठेवायचे, एक नाताळच्या सुट्टीत, जेव्हा निम्मे लोक गावाला किंवा सहलीला गेलेले असतात, आणि एक अगदी शेवटी. संपूर्ण रविवार पावसाने किंवा मैदान न मिळाल्याने गेला, तर तिन्ही सामने त्याच क्रमाने उचलून पुढच्या रिकाम्या रविवारी ठेवायचे. एकेक सामना सुटा करून वेगवेगळ्या दिवशी पेरायचा नाही. एखादाच सामना अडला आणि दोन्ही संघ संध्याकाळचे असले तर पुढच्याच गुरुवारी चार वाजता, दीड तासानंतर नवी इनिंग नाही या अटीवर, आणि त्या गुरुवारचा सराव शनिवारी. दोन्ही संघ सकाळचे असले तर गुरुवारीच सव्वासातला, तोही सव्वा तासाच्या मर्यादेने, कारण त्या मुलांना पुढे शाळा असते. दोन वेगळ्या वेळांचे संघ असतील तर रिकामा रविवार, आणि तोही संपला असेल तर शनिवारी दुपार. मात्र शनिवारी २० पेक्षा अधिक चेंडू टाकलेला मुलगा रविवारी पिचिंग करणार नाही, हे दोन्ही प्रशिक्षकांनी आधी मान्य केले पाहिजे. एवढे करूनही सामना बसला नाही तर तो रद्द करून दोघांना अर्धा-अर्धा गुण द्यावा. मोसमाच्या अखेरीस चार दिवसांत तीन सामने कोंबण्यापेक्षा ते बरे.

चेंडू मोजायला प्रत्येक संघाचा एक पालक असावा आणि दर इनिंगनंतर दोघांनी आकडे जुळवून सही करावी. सामना संपल्यावर जुळवायला गेले की भांडण होते. कॅचरचाही हिशेब ठेवावा. लिटल लीगमध्ये ४१ किंवा अधिक चेंडू टाकलेला पिचर त्या दिवशी कॅचर होऊ शकत नाही, आणि चार इनिंग कॅचिंग केलेले मूल त्या दिवशी पिचिंग करू शकत नाही. पुण्यात यात आणखी एक भर घालावी लागते, ती क्रिकेटची. आपल्यातील बरीच मुले शनिवारी सकाळी कुठल्यातरी क्रिकेटच्या वर्गाला जातात आणि तिथे तासभर गोलंदाजी करून रविवारी आपल्याकडे पिचिंगला उभी राहतात. अमेरिकेतील तक्त्यात त्याला रकाना नाही. मी पालकांना शनिवारी किती षटके टाकली ते कळवायला सांगते, आणि आकडा मोठा असेल तर त्या मुलाला रविवारी पहिल्या बेसवर उभे करते.

तारखा टाकण्याआधी दिनदर्शिकेवर पेन्सिलने फुल्या माराव्यात. आपल्या मुलांच्या शाळांची स्नेहसंमेलने आणि सहली डिसेंबर-जानेवारीत येतात, त्यांच्या तारखा शाळांकडून आधीच मागवाव्यात. मॅरेथॉनच्या रविवारी सकाळी शहरातील बरेच रस्ते बंद असतात, तेव्हा पहिला सामना ठेवू नये. शिष्यवृत्ती परीक्षेला बसणारी मुले जानेवारीच्या मध्यापासून गळू लागतात, म्हणून तोपर्यंत आठ रविवार तरी संपलेले असावेत. आणि दिवाळीच्या सुट्टीहून आलेल्या मुलांना लगेच सामन्यात उतरवू नये. आधी दोन आठवडे निव्वळ सराव आणि फेकण्याचे अंतर हळूहळू वाढवणे, मग पहिला सामना.

पूर्ण वेळापत्रक आरंभीच द्यावे, पण पुढील दोन रविवार पक्के आणि त्यानंतरचे बदलू शकणारे, असे त्यावरच लिहावे. बदल करण्याचा अधिकार एकाच व्यक्तीकडे असावा, आणि त्या व्यक्तीचे मूल ज्या संघात आहे त्या संघाच्या सामन्याबाबत निर्णय दुसऱ्याने घ्यावा. पावसाचा निर्णय सकाळच्या सामन्यांसाठी सहा वाजता आणि दुपारच्यासाठी दीड वाजता कळवावा, व्हॉट्सॲपच्या गटावर फक्त संयोजकांना लिहिता येईल अशी सोय ठेवून. नाहीतर ‘आमच्याकडे ऊन आहे’ असे बाणेरहून आणि ‘इथे भुरभुर चालू आहे’ असे सिंहगड रस्त्याहून संदेश येत राहतात आणि मैदानावर काय आहे ते कोणालाच कळत नाही.

आपल्या मुलांच्या शाळांच्या वेळा आणि प्रत्येक संघातील पिचिंग करू शकणाऱ्या मुलांची संख्या कळवलीत, तर सहा संघांची वाटणी कशी करता येईल हे मी पाहून सांगू शकेन. तूर्त रविवारच्या जोड्या वर दिल्या आहेत तशाच घेतल्या तरी चालतील. गुरुवारच्या पिंपांचे तेवढे आजच कोणाला तरी सांगून ठेवावे.